शिकवावे, लिहून ठेवावे, सोपवून द्यावे

(शब्बाथशाळेचे शिक्षक व मंडळीतील गायकवर्ग यांच्यासाठी अभ्यासपाठ)

वाचनासाठी शास्त्रभाग : अनुवाद ३१:१९-२२, १ इतिहास १५:२२ आणि २५:६-८, २ तीमथ्य २:२.

पाठाचा उद्देश : मिळालेली कला स्वतःपुरती राखणे व ती पुढच्या पिढीच्या हाती देणे यांतील फरक ओळखणे, आणि आपल्या मंडळीतील गायनाची ठेव टिकावी म्हणून काय करता येईल ते ठरवणे.



अनुवादाच्या एकतिसाव्या अध्यायात मोशे एकशे वीस वर्षांचा झाला आहे. यार्देनेपलीकडे जाणे आपल्या वाट्याला नाही हे त्याला ठाऊक आहे. अशा वेळी माणूस सहसा घरादाराची निरवानिरव करतो. मोशेला मात्र एक निराळे काम सांगण्यात आले. एक गीत लिहून काढावयाचे आणि ते इस्राएल लोकांना शिकवावयाचे. बाविसाव्या वचनात दिसते की त्याने हे काम उद्यावर टाकले नाही. गीत त्याच दिवशी लिहिले आणि त्याच दिवशी शिकवले.

येथे क्षणभर थांबून विचार करू या. मोशेने ते गीत एकट्याने उत्तम गाऊन दाखवले असते तर लोकांनी आनंदाने ऐकले असते, आणि मोशेबरोबरच ते गीतही नबो डोंगरावर राहिले असते. म्हणून तीन गोष्टी कराव्या लागल्या : शिकवणे, लिहून ठेवणे आणि लेकरांच्या तोंडी ते राहील अशी तजवीज करणे. या तीन गोष्टी आपल्याच देशात, आपल्याच भाषेच्या माणसांनी संगीताच्या क्षेत्रात कशा केल्या त्याचा एक दाखला आज अभ्यासावयाचा आहे. हा दाखला मिरजेस सुरू होतो, मुंबईस वाढतो आणि माळव्यात देवास येथे फळास येतो.

कोणी विचारील, मंडळीच्या मासिकात गवयांच्या कथा कशाला? त्यास उत्तर शास्त्रातच आहे. शलमोनाने मंदिराच्या पितळी कामासाठी सोरेहून हीराम नावाचा कारागीर आणवला (१ राजे ७:१३-१४). त्याचा बाप सोर नगरचा होता आणि हातातले कसब त्याच नगरात प्रसिद्ध होते. चांगले कसब जेथे दिसेल तेथून शिकण्यात कमीपणा नाही. ज्यांच्याविषयी आपण बोलणार आहोत ते आपल्या मंडळीचे सभासद नव्हते आणि त्यांच्यावर आपले विश्वास लादण्याचा आमचा हेतू नाही. ते शिक्षक होते आणि आपणही शिक्षक आहोत. एवढे नाते या पाठास पुरे आहे.

माळव्याची ओळख

इंदूरच्या ईशान्येस मुंबई-आग्रा रस्त्यावर देवास आहे आणि पश्चिमेस धार. दोन्ही ठिकाणी पवार घराण्याची मराठी राज्ये होती. देवासचा प्रकार तर मोठा चमत्कारिक होता. एकाच गावात थोरली पाती आणि धाकटी पाती अशी दोन भावांच्या वंशांची दोन राज्ये शेजारी शेजारी नांदत होती. धार ही अकराव्या शतकातील राजा भोजाची राजधानी. साहित्यशास्त्रावर ग्रंथ लिहिणारा राजा म्हणून तो विद्वानांस परिचित आहे. धार जिल्ह्यातील मांडू येथे बाज बहादुर व रूपमती यांच्या गायनाच्या कथा आजही सांगतात. आपल्या लोकांस धार आणखी एका कारणाने ठाऊक आहे. कॅनडातील प्रेस्बिटेरियन मिशनच्या डॉ. मार्गारेट ओहारा यांनी तेथे स्त्रियांच्या वैद्यकीय सेवेत आयुष्याची अनेक वर्षे घातली.

देवासच्या दरबारात उस्ताद रजब अली खाँ यांच्यासारखे गवई होऊन गेले. दरबार होता तोवर गवयाच्या पोटाची चिंता मिटत असे. परंतु राजाश्रयाच्या पद्धतीत एक उणीव होती. विद्या घराण्यात राही, गुरूच्या मर्जीवर राही आणि पुष्कळदा गुरूबरोबरच जाई. कित्येक जुन्या गवयांनी आपल्या खास चिजा शेवटपर्यंत कोणास दिल्या नाहीत. ही उणीव ज्यांस खुपली त्यांच्यापासून आपल्या पाठास आरंभ होतो.

१. इमारत गेली, शिष्य राहिले

पंडित विष्णु दिगंबर पलुसकर यांचा जन्म १८७२ साली कुरुंदवाड येथे झाला. लहानपणी फटाक्याच्या अपघातात त्यांची दृष्टी अधू झाली. मिरजेस बाळकृष्णबुवा इचलकरंजीकर यांच्याकडे त्यांनी गायनविद्या मिळवली. त्या काळी गवयाने एखाद्या संस्थानिकाचा आश्रय पाहावा ही रीत होती. विष्णु दिगंबरांनी १९०१ साली लाहोर येथे गांधर्व महाविद्यालय काढले. तेथे दार सर्वांना उघडे होते, अभ्यासक्रम ठरलेला होता, छापलेली पुस्तके होती आणि स्वरलिपीही होती. १९०८ साली त्यांनी मुंबईस आपली शाळा आणली.

त्यांच्या कार्यातील एका गोष्टीकडे आम्ही विशेष लक्ष वेधू इच्छितो. विद्यालयात त्यांनी उपदेशक वर्ग ठेवला होता. त्यातील विद्यार्थ्यांच्या राहण्याजेवणाची सोय गुरूकडे असे, आणि शिकून बाहेर पडल्यावर त्यांनी गावोगावी संगीत शिकवावे अशी अपेक्षा असे. म्हणजे शिष्य तयार करताना तो उद्याचा शिक्षक होणार हे गृहीत धरलेले होते.

पुढे कर्जापायी मुंबईची इमारत हातची गेली. १९३१ साली विष्णु दिगंबर मिरजेस निवर्तले. बाहेरून पाहणाऱ्यास वाटावे की काम मोडले. तसे घडले नाही. विनायकबुवा पटवर्धन पुण्यास, ओंकारनाथ ठाकूर काशीस, नारायणराव व्यास मुंबईस असे एकेक शिष्य उभे राहिले आणि शाळा चालू राहिल्या. विटांत घातलेला पैसा गेला; माणसांत घातलेले श्रम राहिले. आपल्या मंडळ्यांनी हे विशेष ध्यानात घ्यावे. देवळाच्या छपरासाठी वर्गणी करणे आपल्याला जमते. गायन शिकवणारा एक तरुण तयार करण्यासाठी मात्र अंदाजपत्रकात ओळच नसते.

२. मैफलीपेक्षा वर्ग

विष्णु दिगंबरांच्या शिष्यांत एक होते प्रोफेसर बाळकृष्ण रघुनाथ देवधर. जन्म मिरजेचा, १९०१ सालचा; म्हणजे लाहोरचे विद्यालय आणि हे शिष्य एकाच वर्षीचे. त्यांनी पदवीपर्यंत कॉलेजचे शिक्षणही घेतले. गाण्याबजावण्याच्या लोकांत ही गोष्ट तेव्हा विरळा होती. मुंबईत प्रो. स्क्रिंझी नावाचे इटालियन संगीतज्ञ होते. त्यांच्याकडे देवधर पाश्चात्त्य संगीत शिकले. पाच ओळींच्या पट्टीवर स्वर कसे लिहितात, अनेक वाद्यांचा मेळ कसा साधतात आणि पाश्चात्त्य गायक आवाजाची निगा कशी राखतात हे त्यांनी समजून घेतले. विष्णु दिगंबरांची ग्वाल्हेर परंपरा त्यांनी सोडली नाही आणि परक्या विद्येला दारही लावले नाही.

१९२५ साली देवधरांनी मुंबईस आपले विद्यालय काढले. हे गृहस्थ उत्तम गाऊ शकत होते; मैफली गाजवून नाव मिळवण्याचा मार्ग त्यांना मोकळा होता. त्यांनी आयुष्य मुख्यतः दोन कामांत घातले. एक शिकवणे, दुसरे लिहिणे. ‘रागबोध’ या पुस्तकमालेत त्यांनी रागांची माहिती व चिजा स्वरलिपीसह क्रमवार दिल्या. ‘संगीत कला विहार’ या मासिकाचे संपादन त्यांनी पुष्कळ वर्षे केले. ‘थोर संगीतकार’ या पुस्तकात जुन्या गवयांची चरित्रे लिहिली. ज्यांच्याविषयी लिहिले त्यांतील अनेकांना ते स्वतः भेटले होते, त्यांच्याजवळ बसले होते, त्यांचे लहरी स्वभाव त्यांनी सोसले होते. देवासचे रजब अली खाँ हे त्यांतलेच. देवधरांनी लिहिले नसते तर या मंडळींविषयी आज आपल्याला पुष्कळ दंतकथा मिळाल्या असत्या आणि विश्वासार्ह माहिती थोडी.

आवाजाच्या प्रश्नाचाही त्यांनी अभ्यास केला. पुष्कळ होतकरू गायक चुकीच्या रियाजाने गळा बिघडवून घेतात हे पाहून आवाज कसा लावावा, श्वास कसा राखावा, हे विचारपूर्वक शिकवण्याचा त्यांनी प्रयत्न केला. संगीतज्ञ अशोक रानडे यांनी हा विषय त्यांच्याकडेच अभ्यासला. देवधरांना १९७६ साली पद्मश्री मिळाली. १९९० साली ते निवर्तले.

शिक्षकांनी घेण्यासारखा मुद्दा असा : देवधरांच्या विद्यालयात निरनिराळ्या घराण्यांचे उस्ताद येत, बसत, गात आणि शिकवीत. विद्यार्थ्याने केवळ आपलेच ऐकावे असा हट्ट या शिक्षकाने धरला नाही. आपल्यापेक्षा मोठा माणूस वर्गात आणून बसवावयास मन मोठे लागते. आपल्या शब्बाथशाळेत कोणी पाहुणा शिक्षक आला की आपल्याला बरे वाटते, की आपला तास गेला म्हणून वाईट वाटते? याचे उत्तर प्रत्येकाने मनाशी द्यावे.

३. देवास येथील मौन

१९३०-४० च्या दशकाच्या मध्यास देवधरांकडे अकरा-बारा वर्षांचा एक मुलगा आला. बेळगावजवळील सुळेभावीचा हा शिवपुत्र सिद्धरामय्या कोमकळी. जन्म ८ एप्रिल १९२४. मोठमोठ्या गवयांच्या ध्वनिमुद्रिका ऐकून त्यांचे गाणे तो हुबेहूब गाऊन दाखवी. लोकांनी त्याला ‘कुमार गंधर्व’ म्हणून डोक्यावर घेतले होते.

अशा मुलाला शिकवणे फार अवघड, कारण त्याला टाळ्या आधीच मिळालेल्या असतात. नुसती नक्कल करून टाळ्या मिळवणारे मूल आपल्या वर्गातही असते. त्याला सोनेरी वचने घडाघडा पाठ असतात आणि बक्षीसही दरवर्षी त्यालाच मिळते. देवधरांनी या मुलाला पाठांतराकडून समजुतीकडे नेले. हा स्वर येथे का येतो, हा राग त्या रागाहून वेगळा कशाने होतो, असे प्रश्न विचारण्याची त्याला सवय लावली. काही वर्षांत तोच मुलगा त्याच विद्यालयात इतरांस शिकवू लागला. अंजनीबाई मालपेकर यांच्याकडूनही त्याला विद्या मिळाली. आणि पुढे त्याचे गाणे गुरूच्या गाण्यासारखे राहिले नाही! ते अगदी स्वतंत्र झाले, इतके की जुन्या मताच्या रसिकांनी त्यावर टीका केली. शिष्य आपल्यासारखाच गायला पाहिजे असे गुरूने म्हटले असते तर हे झाले नसते.

१९४७ साली कुमारांचा विवाह त्यांच्या शिष्या भानुमती कंस यांच्याशी झाला. थोड्याच दिवसांत त्यांना क्षयाने गाठले. तेव्हा क्षय म्हणजे घरादाराची आशा सुटणे होय. हवापालटासाठी देवास निवडण्यात आले. गांधीजींची हत्या झाली त्याच दिवशी, ३० जानेवारी १९४८ रोजी, हे आजारी गवई देवासला पोहोचले. डॉक्टरांनी गाण्यास मनाई केली. वय पुरते चोवीस नाही, कीर्ती दारात उभी, आणि गळा बंद! घर चालवण्यासाठी भानुमतीबाईंनी शिक्षिकेची नोकरी पत्करली आणि पतीची शुश्रूषाही केली. कुमारांच्या पुढच्या गायनाची गोष्ट सांगताना या बाईंचे कष्ट विसरणे योग्य होणार नाही.

पाच-सहा वर्षे असे गेले. या वर्षांत त्यांनी काय केले? ते ऐकत राहिले. माळव्यातील बायका लग्नाकार्यात, सणावारी, शेतात जी गाणी म्हणतात ती त्यांच्या कानी येत होती. दारावरून जाणारे भिक्षेकरी कबिराची निर्गुण पदे गात. देवासला शीलनाथांच्या धुनीवर नाथपंथी परंपरेतील भजने चालत. अंथरुणावर पडलेल्या या माणसाने त्या साध्या गाण्यांकडे अभ्यासकाच्या कानांनी लक्ष दिले. त्यांच्या ध्यानात आले की मोठमोठ्या रागांची बीजे या लोकधुनांत आहेत. गाणी टिपून घेतली गेली, तपासली गेली.

पुढे स्ट्रेप्टोमायसीन या औषधाने गुण आला. हे औषध अमेरिकेत १९४३ साली शोधले गेले होते. एक फुफ्फुस कायमचे अधू झाले तरी १९५३ च्या सुमारास कुमार पुन्हा गाऊ लागले. लांब दमाच्या ताना पूर्वीसारख्या शक्य नव्हत्या. त्यांनी थोडक्या श्वासात बसतील अशा लहान, नेमक्या स्वरवाक्यांतून गाणे उभे केले. लोकधुनांच्या पायावर मालवती, लगनगंधार, संजारी असे नवे राग बांधले. ऋतूंच्या गाण्यांचे ‘गीतवर्षा’सारखे कार्यक्रम केले. माळव्याचे मराठी कवी भा. रा. तांबे यांच्या गीतांनाही स्वर दिले.

आजार चांगला असतो असे आम्ही म्हणणार नाही. क्षयाने त्या काळी असंख्य घरे बुडवली, आणि वेळेवर औषध मिळाले म्हणूनच ही कथा सांगता येते. परंतु सक्तीने मिळालेल्या मौनात शिकणे थांबवावयाचे की चालू ठेवावयाचे एवढे माणसाच्या हाती राहते. मंडळीतील अंथरुणास खिळलेला भाऊ किंवा बहीण आता काही उपयोगाची नाही असे आपण न बोलताही वागण्यातून दाखवतो. त्यांच्याजवळ वही घेऊन बसलो तर कदाचित तेथेच आपल्याला मोठा वर्ग सापडेल.

४. कागदावरचे स्वर

१९६५ साली कुमारांनी ‘अनूपरागविलास’ हा ग्रंथ मुंबईच्या मौज प्रकाशनातर्फे प्रसिद्ध केला. त्यात त्यांनी रचलेल्या बंदिशी स्वरलिपीत दिलेल्या आहेत. ज्याच्या गाण्याला हजारो लोक गर्दी करतात त्याने पुस्तकाच्या पानावर एकेक मात्रा मोजून लिहीत का बसावे? आपल्या गळ्यातले गळ्याबरोबर जाऊ नये म्हणून. त्याबरोबर त्यांनी देवासच्या घरी शिष्यही तयार केले. मुंबईचे सत्यशील देशपांडे, पुण्याचे विजय सरदेशमुख, दिल्लीचे मधुप मुद्गल हे त्यांच्याकडे शिकले. मुलगी कलापिनी व मुलगा मुकुल यांना घरातच विद्या मिळाली. १९९० साली त्यांना पद्मविभूषण मिळाले आणि १२ जानेवारी १९९२ रोजी देवास येथेच ते निवर्तले. २०२४ साली त्यांची जन्मशताब्दी पूर्ण झाली, तेव्हा ते गाणे गाणारी, शिकवणारी माणसे ठिकठिकाणी होती.

आता पौलाचे तीमथ्यास लिहिलेले वचन उघडावे (२ तीमथ्य २:२). एका वचनात चार कड्या आहेत : पौल, तीमथ्य, विश्वासू माणसे, आणि ती ज्यांना शिकवतील ते. आपल्या दाखल्यातही विष्णु दिगंबर, देवधर, कुमार आणि त्यांचे शिष्य अशा चार कड्या झाल्या. पौल माणसात दोन गुण पाहतो. माणूस विश्वासू असावा आणि शिकवण्यास लायक असावा. गोड गळा ही अट त्याने घातलेली नाही. साखळीतील एक कडी निसटली की पुढच्या कितीही कड्या मजबूत असोत, उपयोग नाही.

५. आपल्या मंडळ्यांत काय चालले आहे?

आपल्या मराठी मंडळीजवळ गायनाची मोठी ठेव आहे. कृष्णाजी रत्नाजी सांगळे, रेव्ह. नारायण वामन टिळक आणि इतर अनेकांनी देशी वृत्तांत, देशी चालींवर भजने रचली. टिळक १९१९ साली वारले. शंभरांहून अधिक वर्षे झाली. शब्द पुस्तकात छापलेले आहेत म्हणून ते टिकले. चाली मात्र बहुतांशी माणसांच्या कानांत व गळ्यांत राहिल्या. भजनाच्या माथ्यावर चालीची सूचना असते. ती ज्या मूळ पदाची असते ते पद आज कोणास आठवत नाही. मग तेच भजन एखाद्या सोप्या चालीवर ओढून ताणून म्हटले जाते किंवा पुस्तकातील ते पान उघडलेच जात नाही. एखाद्या खेड्यातील वृद्ध बाईला पन्नास जुन्या चाली येत असतील. तिला कोणी गाऊन दाखवावयास सांगत नाही. ती प्रभूकडे गेली म्हणजे पन्नास भजने मुकी होतील. ही हानी कोणत्याही अहवालात नोंदली जात नाही.

याचा दोष एकट्या तरुणांना देणे रास्त नाही. त्यांना गिटार आवडते, की-बोर्ड आवडतो, आवडू द्यावा. देवधर पाश्चात्त्य संगीत शिकले म्हणून त्यांचे भारतीय संगीत बिघडले नाही. बिघाड होतो तो न शिकल्याने. तरुणांना जुनी चाल कोणी शिकवलीच नसेल तर त्यांनी ती गावी कशी?

जगाच्या दुसऱ्या टोकाचे एक उदाहरण पाहा. इंग्लंडमध्ये हल येथे १८४१ साली शब्बाथशाळेच्या शिक्षकांची परिषद भरली होती. मुलांना गायन शिकवण्याची सोपी रीत कोणती, हे शोधण्याचे काम परिषदेने जॉन कर्वेन या तरुण पाळकावर सोपवले. नॉर्विचच्या सेरा ग्लव्हर या शिक्षिकेने आपल्या शाळेसाठी अक्षरांनी स्वर लिहिण्याची रीत बसवली होती. कर्वेन यांनी तीच घेतली, सुधारली आणि टॉनिक सोल्फा या नावाने तिचा प्रसार केला. गरीब कामकरी लोक तिच्या साह्याने चार आवाजांत गाऊ लागले. हे सारे शब्बाथशाळेच्या शिक्षकांच्या एका बैठकीतून निघाले हे विसरू नये.

आपल्याजवळ तर त्याहून सोयीची लिपी तयार आहे. पंडित विष्णु नारायण भातखंडे यांनी वकिली बाजूस ठेवून, देशभर हिंडून हजारो चिजा गोळा केल्या व छापल्या. त्यांची स्वरलिपी आठ दिवसांत शिकता येते. सा रे ग म प ध नी ही अक्षरे नेहमीप्रमाणे लिहावी. कोमल स्वराखाली आडवी रेघ द्यावी. तीव्र मध्यमाच्या डोक्यावर उभी रेघ द्यावी. खालच्या सप्तकाच्या स्वराखाली टिंब, वरच्या सप्तकाच्या स्वरावर टिंब. एका स्वरावरून दुसऱ्यावर घसरत जावयाचे असेल तर दोहोंवर कमान काढावी. समेच्या जागी फुली आणि खालीच्या जागी शून्य. स्वरांखाली भजनाचे शब्द. एवढ्याने चाल कागदावर बसते. गाण्यातील सगळा भाव लिपीत येत नाही हे खरे आहे, आणि म्हणूनच शिकवणारा जिवंत माणूसही लागतो. लिपी आणि शिक्षक दोघेही हवेत. मोशेनेही लिहिले आणि शिकवले.

हार्मोनियमविषयी एक सूचना. पेटीचे सूर ठराविक जागी बसवलेले असतात. दोन स्वरांमधून घसरत जाणे तिला जमत नाही. याच कारणासाठी आकाशवाणीने १९४० पासून सुमारे तीन दशके पेटीला मनाई केली होती. आपल्या उपासनेत पेटी असावी, तिची सेवा मोठी आहे. परंतु मुलांना शिकवताना पहिली दहा मिनिटे पेटी बंद ठेवून तंबोऱ्याच्या किंवा नुसत्या षड्जाच्या आधारे गाऊन घ्यावे. त्याने कान तयार होतो. तयार कान पेटीबरोबर गाईल, पण पेटीवर अवलंबून राहणार नाही.

शेवटी इतिहासाच्या पुस्तकाकडे येऊ. कनन्या हा गायनात निपुण होता म्हणून लेव्यांना गायन शिकवण्याचे काम त्याजकडे होते (१ इतिहास १५:२२). निपुणाने गावे एवढ्यावर शास्त्र थांबले नाही. निपुणाने शिकवावे असे ठरले. पुढे पंचविसाव्या अध्यायात दोनशे अठ्ठ्याऐंशी तयार गायकांची गणती आहे. त्यांचे बाराबारांचे चोवीस वर्ग पाडले. सेवेच्या पाळ्या ठरवताना चिठ्ठ्या टाकल्या त्या लहानमोठा असा भेद न ठेवता, गुरू व शिष्य सर्वांसाठी सारख्याच. वर्गात एक शिकवणारा आणि दुसरा शिकणारा असतो. देवापुढे उभे राहताना दोघांची चिठ्ठी एकाच घागरीतली. आम्हांस वाटते, शिक्षकाचा मान आणि शिक्षकाची नम्रता ही दोन्ही या एका गोष्टीत आली आहेत.

वर्गात करून पाहावे

(१) येत्या महिन्यात मंडळीतील सर्वांत वयस्क अशा दोन सभासदांकडे मुलांना घेऊन जावे. त्यांना येणारे एक जुने भजन मुलांनी ऐकावे व तेथेच शिकावे.

(२) त्याच भेटीत मोबाईलवर ध्वनिमुद्रण करावे. सोबत वहीत भजनाचे नाव, गाणाऱ्याचे नाव, त्याने ते कोणाकडून ऐकले आणि कोणत्या गावी, हे लिहावे. ध्वनिमुद्रण पुसले जाऊ शकते. वही मंडळीच्या कपाटात ठेवावी.

(३) स्वरलिपी जाणणारा एखादा मनुष्य गावात असल्यास, तो मंडळीचा असो वा नसो, त्यास आदराने बोलवावे आणि एक चाल लिहून घ्यावी.

(४) गायन शिकवू शकेल असा एक मुलगा किंवा मुलगी निवडून तिच्या शिकवणीची फी मंडळीने वर्षभर द्यावी. तिने त्या बदल्यात शब्बाथशाळेत पाच लहान मुलांना शिकवावे.

चर्चेसाठी प्रश्न

(१) मोशेने गीत लिहिले नसते, नुसते गायले असते, तर काय झाले असते?

(२) देवधरांनी मैफलीपेक्षा वर्गाला अधिक महत्त्व दिले. आपल्या मंडळीत पुढे उभे राहून गाणाऱ्यास अधिक मान मिळतो की मागे बसून शिकवणाऱ्यास? का?

(३) कुमारांचे गाणे गुरूपेक्षा निराळे झाले. आपला विद्यार्थी आपल्यापेक्षा निराळ्या रीतीने सेवा करू लागला तर आपल्याला आनंद होतो काय?

(४) आजाराच्या वर्षांत भानुमतीबाईंनी जे केले तसे काम आपल्या मंडळीत कोण करीत आहे? त्यांची कोणी आठवण काढतो काय?

(५) २ तीमथ्य २:२ मधील चार कड्यांपैकी आपण कोणत्या जागी उभे आहोत? आपल्या मागची कडी कोण, आणि पुढची कोण, ही नावे कागदावर लिहून पाहा. पुढच्या कडीची जागा कोरी राहिली तर येत्या रविवारपासून ती भरण्यास लागावे.